पावसाळ्यात कोणाला ठेवायचं?

मे महिन्याचा शेवटचा आठवडा आला की मालवणच्या वायरी, तारकर्ली, देवबाग, चिवला या पट्ट्यातल्या हॉटेलांमध्ये एक प्रश्न सगळ्यांच्या मनात असतो आणि तो कोणीच मोठ्याने विचारत नाही. पावसाळ्यात कोणाला ठेवणार? समुद्राला उधाण यायला लागतं. सिंधुदुर्ग किल्ल्यावर जाणाऱ्या होड्या थांबतात, स्कूबाच्या बोटी वर ओढून शाकारल्या जातात. १ जूनपासून ३१ जुलैपर्यंत यांत्रिक मासेमारीला बंदी असते, त्यामुळे ताटातली ताजी सुरमईही जाते. पाहुणे परततात ते गणपतीनंतर, आणि खरी गर्दी होते दिवाळीत. दहा-पंधरा माणसांचं हॉटेल तेवढे महिने तीन-चार जणांवर चालतं. ते तीन-चार जण कोण, हे कुठल्याही कागदावर नसतं. ते मालकाच्या डोक्यात असतं.

या किनाऱ्यावरच्या हॉटेलांमधलं बहुतेक अंतर्गत राजकारण या न लिहिलेल्या यादीभोवती फिरतं, असं माझं मत आहे. व्यवस्थापनाची पुस्तकं बढती, पगारवाढ आणि बॉसची मर्जी यांबद्दल बोलतात. इथे बढतीला फारशा पायऱ्याच नसतात. वाढपी, आचारी, काउंटरवरचा माणूस, मॅनेजर आणि वर शेठ, एवढीच उतरंड. मग चढाओढ कशासाठी? जून, जुलै, ऑगस्टच्या पगारासाठी. शिमगा संपला की वागणुकीत फरक पडू लागतो. काउंटरवरचा मुलगा बुकिंगच्या ॲपचा पासवर्ड कोणाला देत नाही. आचारी वाटपाचं प्रमाण तोंडाने सांगतो, पण नेमका एक जिन्नस सांगायचा ‘राहून जातो’. कोणी रात्री मालकाला गाडीपर्यंत सोडायला जातो आणि जाता जाता दिवसभराच्या चार गोष्टी कानावर घालतो. याला चुगली म्हणून सोडून देणं सोपं आहे, पण या माणसांचा हिशेब चुकीचा नसतो. जे फक्त आपल्यालाच ठाऊक, त्याच्यावरच आपली पावसाळ्यातली जागा टिकते, हे त्यांनी अनुभवातून शिकलेलं असतं. माहिती वाटून घेणाऱ्याला हंगाम संपल्यावर घरी पाठवलं, तर पुढच्या हंगामात कोण कोणाला काय शिकवणार?

त्यात उचल असते. गावी घराचं छप्पर, बहिणीचं लग्न, बापाचं आजारपण यासाठी मालकाकडून आगाऊ घेतलेली रक्कम. अडीअडचणीला पैसे देणारा शेठ देवासारखा वाटतो, आणि अनेक मालक मनापासूनच देतात. पण उचल अंगावर असलेला माणूस भर बैठकीत ‘हे बरोबर नाही’ असं म्हणू शकत नाही. तो गप्प राहतो आणि त्याचं गप्प राहणं संमती म्हणून धरलं जातं.

हा व्यवसाय इथे कसा वाढला, ते पाहिलं की पुढचं नीट कळतं. सिंधुदुर्ग जिल्हा १ मे १९८१ रोजी रत्नागिरीतून वेगळा झाला. १९९७ साली तो देशातला पहिला पर्यटन जिल्हा म्हणून जाहीर झाला आणि २६ जानेवारी १९९८ ला कोकण रेल्वे पूर्ण मार्गावर धावू लागली. चिपीचा विमानतळ सुरू व्हायला मात्र ९ ऑक्टोबर २०२१ उजाडला. मोठी हॉटेलंही त्या घोषणेच्या वेगाने आली नाहीत. शिरोडा-वेळागरच्या पंचतारांकित हॉटेलाची चर्चा तर नव्वदच्या दशकापासूनची. तारकर्लीत एमटीडीसीचं निवास झालं, न्याहारी-निवास योजना आली, पण किनारा उभा राहिला तो लोकांच्या घरांवर. कर्ली नदी आणि समुद्र यांच्यामधल्या देवबागच्या चिंचोळ्या पट्टीत गाबीत कुटुंबांनी मागच्या पडवीच्या जागी दोन खोल्या बांधल्या, पुढे चार केल्या, अंगणात टेबलं मांडली. मासेमारी बेभरवशाची झाली होती आणि पाहुण्यांचा पैसा रोख होता.

म्हणजे इथलं ऑफिस हे घर आहे, आणि ऑफिसातलं राजकारण हे सासू, सून, जाऊ, दीर, भाचा यांचं राजकारण आहे. नोंदणी सासऱ्यांच्या नावावर. बुकिंगचा फोन धाकट्या मुलाच्या खिशात, पैसे घेण्याचा क्यूआर कोडही त्याच्याच खात्याचा. उजाडण्याआधी उठून घावणे घालणारी, मासळी साफ करणारी, दुपारी चादरी धुऊन वाळत घालणारी मोठी सून. पाहुणे जाताना तिचं तोंडभर कौतुक करतात आणि पैसे दिराच्या फोनवर जातात. फोन ज्याच्या हातात, त्याच्याकडे भाव ठरवण्याचा, पाहुणा नाकारण्याचा आणि घरातल्यांना ‘आज सहा जण येतायत’ असं ऐन वेळी सांगण्याचा अधिकार आपोआप जातो. घरात कोणी कधी त्याला हा अधिकार दिलेला नसतो. म्हणूनच तो परत मागताही येत नाही.

कोकणी माणसाला ही गोष्ट नवी नाही. मुंबईच्या गिरणगावात मिल कामगारांना जेवू घालणाऱ्या खानावळवाल्या बायका याच अवस्थेत होत्या. दिवसभर चूल, सावकाराचं कर्ज, आणि समाजाच्या दृष्टीने त्या ‘घरीच असतात’. प्रेमा पुरव यांनी १९७५ साली अन्नपूर्णा महिला मंडळ स्थापन केलं आणि या बायकांना बँकेचं कर्ज मिळवून दिलं, तेव्हा पहिला बदल झाला तो हिशेबात. स्वयंपाक हे काम आहे, ते करणारी कामकरी आहे आणि तिच्या नावाने व्यवहार होऊ शकतो, हे मान्य झालं. मालवणच्या किती न्याहारी-निवासांमध्ये स्वयंपाक करणाऱ्या बाईच्या खात्यावर दर महिन्याला ठरलेली रक्कम जाते? घरचीच माणसं म्हणून तो प्रश्न टाळला जातो. भांडण मात्र टळत नाही. ते भांड्यांच्या आवाजात, अबोल्यात आणि शेवटी वाटणीच्या मागणीत बाहेर पडतं.

जरा मोठ्या हॉटेलात येऊ या. दुपारचा दीड. किल्ला बघून उन्हात भाजलेले, भुकेने कावलेले लोक एकदम आत शिरतात. वाढपी झारखंडचा किंवा नेपाळचा, विशीतला, हिंदीत चटपटीत. चुलीशी काकी, पन्नाशीच्या, पिढ्यान् पिढ्या इथल्याच. मुलगा आत येऊन ओरडतो, “काकी, दो सुरमई, एक पापलेट, जल्दी.” काकी मान वर न करता म्हणतात, “माका हात दोनच आसत. आणि पापलेट खयसून हाडू आता?” सकाळच्या लिलावात जेवढी मासळी मिळाली तेवढे तुकडे, आणि ते संपल्याचं बाहेर कोणाला माहीत नाही. बाहेर पाहुण्याला शब्द दिलेला. मुलगा दोन्हीकडून बोलणी खातो.

शिकागोमधल्या उपाहारगृहांत विल्यम फूट व्हाइट या समाजशास्त्रज्ञाने चाळीसच्या दशकात नेमकं हेच पाहिलं आणि १९४८ साली त्यावर पुस्तक लिहिलं. तिथे वेट्रेसेस रडत का होत्या, याचा शोध घेताना त्याच्या लक्षात आलं की कारण स्वभावात नाही, कामाच्या रचनेत आहे. वयाने, पगाराने, मानाने खाली असलेल्या व्यक्तीला वरच्या व्यक्तीला काम ‘सांगावं’ लागतं. आचाऱ्याला ते झोंबतं आणि तो ताट मुद्दाम उशिरा देतो. उपाय अगदी साधा निघाला. ऑर्डर चिठ्ठीवर लिहून मधल्या खिळ्याला अडकवायची, आचाऱ्याने आपल्या क्रमाने उचलायची. माणसाने माणसाला हुकूम देणं थांबलं आणि मधे कागद आला. मालवणात यात जात, वय, भाषा आणि ‘गाववालो की भायलो’ हे सगळं मिसळतं, म्हणून चिठ्ठीची गरज इथे जास्तच आहे. काकींना हिंदी वाचायचा कंटाळा असेल तर माशांची चित्रं चालतील. दुसरी गोष्ट म्हणजे फळा. आज सुरमईचे तुकडे किती, पापलेट किती, हे सकाळीच काकींनी खडूने लिहायचं आणि वाढप्याने खोडत जायचं. पाहुण्याला काय देता येईल याचा अधिकार त्यामुळे काकींकडे राहतो आणि मुलाला खोटं बोलावं लागत नाही.

स्वयंपाकघराच्या दाराबद्दल तर एका अभ्यासकाने अजरामर निरीक्षण करून ठेवलं आहे. अर्व्हिंग गॉफमन १९४९ ते १९५१ या काळात स्कॉटलंडच्या उत्तरेकडच्या शेटलंड बेटांवर राहिला. शेती आणि मासेमारी करणारी माणसं, बाहेरून येणारे पर्यटक आणि स्थानिक दांपत्याने चालवलेलं एक छोटं हॉटेल. त्याचं पुस्तक १९५६ मध्ये एडिंबरामध्ये छापलं गेलं. हॉटेलच्या पुढच्या भागात मालक मध्यमवर्गीय शिष्टाचाराने वागत, मागे मात्र बेटावरच्या बोलीत बोलत आणि बेटावरच्या रीतीनेच जेवत. उकळत्या किटलीवर ओले मोजे वाळत घातलेले असत. या दोन जगांमधलं दार ही रोजची कटकट होती. वाढणाऱ्या मुलींना ते उघडं हवं असे, ताटं नेणं सोपं जावं आणि पाहुण्यांचं काय चाललंय ते दिसावं म्हणून. मालकांना ते बंद हवं असे, आतलं जग बाहेर दिसू नये म्हणून. दिवसभर कोणी ते रागाने आपटून लावी, कोणी रागाने ढकलून उघडी.

हे वाचताना तारकर्लीतला कुठलाही मालक ओळखीचा वाटेल. बाहेर “वेलकम सर, नाश्ता कसा वाटला?” आणि आत येताच “गे, पेज उरली हा काय?” यात ढोंग काही नाही. समाजशास्त्रज्ञ आर्ली हॉक्शिल्ड यांनी १९८३ साली विमानातल्या परिचारिकांच्या अभ्यासातून दाखवलं की हसतमुख राहणं हेही श्रम आहेत आणि त्यांचाही थकवा येतो. तो थकवा उतरवायला आत एक जागा लागते. तिथे पाहुण्याची नक्कल होते, शेठचीही होते, मॅनेजरला टोपणनाव ठेवलं जातं. तिथे मन मोकळं झालं की माणूस परत बाहेर जाऊन हसू शकतो. अलीकडे मासळी चोरीला जाते म्हणून स्वयंपाकघरात कॅमेरे बसवले जातात. मला ही चूक वाटते. मासळीचा हिशेब फळ्यावर ठेवता येतो. कॅमेऱ्याने बोलणं थांबत नाही, ते मालक नसलेल्या व्हॉट्सॲप ग्रुपवर जातं आणि तिथे ते जास्त कडवट होतं.

शेटलंडशी एक मोठा फरक आहे. तिथे आतली सगळी माणसं एकाच बेटाची होती. इथे एकाच स्वयंपाकघरात तीन जगं असतात. संध्याकाळी आपल्या घरी जाणाऱ्या स्थानिक बायका, गच्चीवरच्या पत्र्याच्या खोलीत किंवा जनरेटरच्या मागे झोपणारी परप्रांतीय मुलं, आणि कामाचं नाव काहीही असो, मालकाचे असलेले नातेवाईक. ‘नाही’ म्हणण्याची ताकद या तिघांत सारखी नाही. काकींना स्वतःचं घर आहे, चार माड आहेत, शेजारच्या हॉटेलातून बोलावणं आहे. त्या पदर खोचून सरळ चालत्या होऊ शकतात. ओडिशाच्या मुलाचं अंथरूणसुद्धा शेठच्या छपराखाली आहे. नोकरी गेली तर त्याच रात्री निवारा जातो. म्हणून रात्री अकराला आलेल्या पाहुण्यांसाठी उठवलं जातं ते त्यालाच.

आणि म्हणूनच मालक त्याला पसंत करतात. ‘स्थानिक माणसं टिकत नाहीत, सुट्ट्या घेतात’ हे वाक्य किनाऱ्यावर सर्रास ऐकू येतं. सुट्ट्या घेतात, हे खरं आहे. गणपतीला घेतात, शिमग्याला घेतात. आंगणेवाडीच्या भराडी देवीच्या जत्रेची तारीख आधीपासून पंचांगात नसते, ती देवीच्या कौलाने ठरते, आणि जत्रा बहुधा ऐन हंगामात येते. मुंबईहून चाकरमानी लोटतात, खोल्या भरतात, आणि नेमक्या त्याच दिवशी काकींच्या घरीही माहेरवाशिणी आलेल्या असतात. ज्या देवीमुळे हॉटेल भरलं, तिच्या दर्शनाला जाऊ देताना कपाळावर आठी आणू नये, असं मला कळकळीने सांगावंसं वाटतं. तारीख जाहीर झाली की त्याच दिवशी पाळ्या लिहून भिंतीला लावायच्या. परप्रांतीय मुलांना त्या दिवसाचा जादा मोबदला द्यायचा आणि छठला किंवा दशईंला त्यांची सुट्टी आधीच नोंदवायची. सुट्टी मागणाऱ्याला गुन्हेगारासारखं उभं केलं की ‘भायले’ आणि ‘गाववाले’ यांच्यात फूट पडते, आणि मग मालकालाही दोन्हीकडच्या तक्रारी निस्तरत बसावं लागतं.

‘नाही’ म्हणता न येण्याची किंमत नेहमी पगारात मोजता येत नाही. २४ मे २०२२ रोजी तारकर्लीच्या समुद्रात पर्यटकांची होडी उलटली आणि दोन पर्यटकांचा जीव गेला. त्या दिवशीच्या जबाबदारीचा निवाडा करणं हे या पुस्तकाचं काम नाही. पण मे अखेरीचा समुद्र आणि मे अखेरीचा धंदा दोन्ही एकाच वेळी टोकाला असतात, हे प्रत्येक खलाशाला ठाऊक आहे. अशा वेळी बोटीवरच्या सगळ्यांत कनिष्ठ मुलाने “आता नको, वारा फिरलाय” म्हटलं, तर त्याचं ऐकलं जाईल का, आणि तसं म्हटल्याबद्दल पावसाळ्यातली त्याची जागा जाणार नाही ना? कामाच्या ठिकाणची संस्कृती म्हणजे नेमकं काय, असं कोणी विचारलं तर मी हाच प्रश्न पुढे ठेवीन.

कायद्याचं काय? २०१७ साली महाराष्ट्राने दुकानं आणि आस्थापनांसाठी नवा कायदा केला तेव्हा १० पेक्षा कमी माणसं असलेल्या जागांना पूर्ण नोंदणीऐवजी नुसती माहिती कळवणं पुरेसं ठरलं. किनाऱ्यावरची बहुतेक घरगुती निवासं त्यातच मोडतात. एक कायदा मात्र लहान जागेलाही सोडत नाही आणि तो इथे फार कमी बायकांना माहीत आहे. कामाच्या ठिकाणच्या लैंगिक छळाविरुद्धच्या २०१३ च्या कायद्याने १० किंवा जास्त माणसं असतील तिथे अंतर्गत समिती सक्तीची केली. त्याहून लहान जागांसाठी, किंवा तक्रार खुद्द मालकाविरुद्धच असेल तर, जिल्ह्यात स्थानिक समिती असते. घटनेपासून तीन महिन्यांत लेखी तक्रार करता येते, कारण सबळ असेल तर ही मुदत वाढते. आणि या कायद्याच्या लेखी राहतं घरसुद्धा कामाचं ठिकाण आहे. एखाद्या न्याहारी-निवासात भांडी घासायला जाणारी मुलगी, तिचा मालक नात्याने काका लागत असला तरी, या संरक्षणात येते. गावात नातं आड येतं, देवळातल्या मानपानाचा प्रश्न येतो, आईच म्हणते ‘जाऊ दे’. अशा वेळी तक्रार गावाबाहेर, जिल्ह्याच्या ठिकाणी नेता येते, ही गोष्ट तिला बचत गटाच्या बैठकीतून कळली पाहिजे.

राहता राहिली टिप. हॉटेलातली सगळ्यांत जुनी कुरबुर. पाहुणा वाढप्याच्या हातात पैसे देतो, पण त्याला आवडलेली असते काकींची तिसऱ्यांची आमटी, आणि ज्या स्वच्छ ताटात ती वाढली ते घासलेलं असतं मागच्या मोरीवर बसलेल्या बाईने. काही ठिकाणी काउंटरवर पेटी असते, पण ती उघडतो मॅनेजर, एकटा, रात्री. मग कितीही प्रामाणिकपणे वाटली तरी संशय राहतो. त्यात आता टिप फोनवरून थेट मालकाच्या खात्यात येते आणि बिलातच विरघळून जाते.

या किनाऱ्याला वाटणी शिकवायला बाहेरून कोणी यायची गरज नाही. रापण ओढली की मासळी वाळूवरच सगळ्यांसमोर ओतली जाते आणि तिथेच वाटे पडतात. जाळ्याचा वाटा वेगळा, ओढणाऱ्या हातांचा वेगळा, आणि कोणाला किती हे ओढणाऱ्या प्रत्येकाला आधीपासून माहीत असतं. भांडण होतं, पण ते तिथल्या तिथे, सगळ्यांच्या देखत होतं. टिपेच्या पेटीलाही हेच लागू करता येईल. महिन्याची एक तारीख ठरवायची, दुपारची गर्दी ओसरल्यावर पेटी जेवणाच्या टेबलावर उघडायची, फोनवर आलेल्या टिपांची रक्कम त्यात धरायची, आणि वाटे आधी ठरलेल्या प्रमाणात पाडायचे. चुलीशी असलेली काकी, वाढपी, खोल्या आवरणारी बाई, मोरीवरची बाई, रात्रीचा पहारेकरी, सगळ्यांची नावं वहीत, आणि नावापुढे सही किंवा अंगठा. मालकाने आणि त्याच्या नातेवाइकांनी त्यात वाटा घ्यायचा नाही.